घरी कळेल

बोरिवलीच्या चिकूवाडीत २०२१ च्या पावसाळ्यात एका सोसायटीसमोर, भर रस्त्यावर, रंगाने मोठी अक्षरं उमटली : ‘नो किसिंग झोन’. संध्याकाळ झाली की दुचाकींवरून, गाड्यांतून जोडपी यायची, रस्त्याच्या कडेला थांबायची आणि सोसायटीच्या खिडक्यांतून ते सगळं दिसायचं. रहिवासी वैतागले. व्हिडिओ काढून नगरसेवकापर्यंत पोचवून झाला आणि शेवटी रंगाचा डबा आणला गेला. आमचा विरोध जोडप्यांना नाही, घरासमोर चालणाऱ्या प्रकारांना आहे, असं त्यांचं म्हणणं होतं. बातमी देशभर फिरली, लोक हसले, विषय संपला.

ती मुलंमुली तिथे का येत होती आणि तिथून उठवल्यावर कुठे गेली, हे मात्र कुणी फारसं विचारलं नाही.

खरं तर उत्तर सोपं होतं. टाळेबंदीचं दुसरं वर्ष चालू होतं. कॉलेजं बंद, नाट्यगृहं आणि सिनेमाघरं बंद, लोकल सगळ्यांना खुली नाही. घर म्हणावं, तर मुंबईतल्या मध्यमवर्गीय घरात एका खोलीत आजी आणि धाकटा भाऊ, दुसऱ्या खोलीत आईवडील, आणि स्वयंपाकघरात कुणाचं तरी ऑनलाइन काम. दार लावून अर्धा तास फोनवर बोलायचं म्हटलं तरी बाहेरून कुणीतरी विचारणार, ‘‘कोणाशी बोलतेयस एवढं?’’ मग रस्त्याची कडा उरते.

मुंबईत एकांताची ही टंचाई फक्त अविवाहितांची कधीच नव्हती. वरळी, नायगाव, डिलाईल रोड आणि शिवडीच्या बीडीडी चाळी शंभर वर्षांपूर्वी बांधल्या गेल्या; तिथली एक खोली १६० चौरस फुटांची. त्या खोलीत दोन भावांचे संसार, म्हातारे सासूसासरे आणि गावाहून गिरणीत कामाला आलेला एखादा पाहुणा नांदायचा. नव्या जोडप्यासाठी दोरीवर जुनं लुगडं टाकून आडोसा करायचा, किंवा पोटमाळ्यावर अंथरूण घालून द्यायचं. बाकीचे गॅलरीत, गच्चीवर नाहीतर फुटपाथवर पथारी पसरायचे. घरातल्या मोठ्यांनी न बोलता केलेली ही सोय होती आणि तिच्यात समजूतदारपणा होता. लग्न झालेल्यांना थोडा आडोसा लागतो, हे अख्ख्या चाळीला मान्य होतं. लग्न न झालेल्या, पण वयात आलेल्या माणसालाही तो लागतो, हे मान्य करायला आजची तीन खोल्यांची घरंही तयार नाहीत.

म्हणून शहराने आपले आडोसे समुद्राकाठी शोधले. वांद्र्याचं बॅंडस्टॅंड, वरळी सी फेस, मरीन ड्राइव्हचा कठडा, दादर चौपाटीची एखादी पायरी. बॅंडस्टॅंडच्या खडकांवर दुपारच्या उन्हात छत्र्या उघडलेल्या दिसतात. छत्रीआडच्या जोडप्यांचा एक अलिखित शिष्टाचार असतो. दोन जोडप्यांमध्ये ठरावीक अंतर राखायचं, शेजारच्यांकडे पाठ करून बसायचं, ओळखीचं कुणी दिसलं तरी ओळख दाखवायची नाही. भरतीचं पाणी चढू लागलं की सगळेच एकदम उठतात. चणेवाला येतो, फूलवाली येते, आणि अधूनमधून काठी टेकवत हवालदार येतो.

हवालदाराशी होणारं संभाषण साऱ्या महाराष्ट्रात सारखंच. ‘‘काय चाललंय? नातं काय? आयडी दाखव.’’ आयडी दाखवून होतं. दोघंही सज्ञान आहेत, हे त्याला आणि त्यांनाही कळतं. मग तो म्हणतो, ‘‘वडिलांचा नंबर दे.’’

इथे मुलगा खिसा चाचपतो. मुलगी रडकुंडीला येते. कलम कुठलं, दंड किती, पावती मिळणार का, हे प्रश्न मागे पडतात, कारण मुळात दंडाची भीती नसतेच. भीती असते ती त्या फोनची. वीस वर्षांची, मतदान केलेली, स्वतःची शिकवणी घेऊन फी भरणारी मुलगी त्या क्षणी शाळकरी होते. आपल्याकडच्या तरुण वयावरचा सगळ्यात मोठा दाब या दोन शब्दांत मावतो : घरी कळेल. कायदा, धर्म, जात, संस्कृती यांची नावं त्यानंतर येतात आणि बहुतेक वेळा ती या दोन शब्दांच्याच जोरावर चालतात.

आणि ‘घरी कळेल’ची किंमत दोघांना सारखी पडत नाही. मुलाच्या घरी कळलं तर चार दिवस अबोला, फार तर एक मुस्काटात. ‘या वयात व्हायचंच’ म्हणणारा एखादा काकाही निघतो. मुलीच्या घरी कळलं तर फोन काढून घेतला जातो, कॉलेज बंद होतं, मामाच्या गावी पाठवणी होते आणि महिन्याभरात बायोडेटा फिरायला लागतो. शिक्षण थांबलेल्या कितीतरी मुलींच्या बाबतीत घरची माणसं ‘आर्थिक अडचण’ असं कारण सांगतात आणि शेजारणी खरं कारण कुजबुजतात.

६ ऑगस्ट २०१५ रोजी मालवणी पोलिसांनी मढ आणि अक्सा भागातल्या हॉटेलांवर आणि लॉजवर छापे घातले. खोल्यांचे दरवाजे ठोठावून सुमारे चाळीस जोडप्यांना पोलीस ठाण्यात नेलं. त्यात कॉलेजची मुलंमुली होती, लग्न ठरलेली जोडपी होती. बहुतेकांवर महाराष्ट्र पोलीस कायद्याचं कलम ११० लावलं गेलं. ते आहे सार्वजनिक ठिकाणच्या असभ्य वर्तनाबद्दलचं. भाडं भरून, ओळखपत्र देऊन घेतलेली, आतून कडी लावलेली खोली सार्वजनिक ठिकाण कशी झाली, या प्रश्नावर मग बरीच चर्चा झाली आणि पोलीस आयुक्त राकेश मारिया यांनी चौकशी लावली. पण दंडाची रक्कम होती बाराशे रुपये. त्या दिवशी त्या मुलामुलींचं जे गेलं ते बाराशेंच्या पलीकडचं होतं. त्यांच्यातल्या काहींच्या आईवडिलांना फोन गेले होते.

त्या वेळी मुंबईतल्या हॉटेलांत एक वाक्य ठरलेलं असे : ‘लोकल आयडी चालणार नाही.’ शहरातल्याच पत्त्याचं ओळखपत्र असलेल्या जोडप्याला खोली हवी, म्हणजे कारण उघड, आणि उघड म्हणून नकार. असा नकार द्यावा, असं कुठलाही कायदा सांगत नाही. पुढे मोबाइलवरून खोल्या देणाऱ्या कंपन्यांना यात धंदा दिसला. अविवाहित जोडप्यांना चालणारी हॉटेलं वेगळी दाखवली जाऊ लागली, स्थानिक ओळखपत्र स्वीकारलं जाऊ लागलं. काही वर्षं वाटलं, एक दार किलकिलं झालं. जानेवारी २०२५ मध्ये ओयोने मेरठपासून धोरण बदललं : जोडप्याकडे नात्याचा पुरावा मागता येईल आणि पटलं नाही तर हॉटेलला खोली नाकारता येईल. बाजाराने दिलेली मोकळीक बाजार परतही घेतो. तिच्यावर विसंबून कुणाचं तारुण्य निभावत नाही.

पुण्यात गोष्ट थोडी वेगळी आहे. इथे घरच मागे राहिलेलं असतं. नांदेड, लातूर, बीड, जळगाव, सोलापूरहून स्पर्धा परीक्षांसाठी आलेली मुलंमुली सदाशिव पेठ, नारायण पेठ, नवी पेठेत कॉट बेसिसवर राहतात. एका खोलीत चार कॉट, भिंतीला टेकून ट्रंका, दोरीवर वाळत घातलेले टॉवेल. दिवसभर अभ्यासिका, दोन वेळचा मेसचा डबा, रात्री टपरीवर चहा. वय बावीस ते तीस. राज्यसेवेच्या काही शे जागा आणि अर्ज करणारे लाखांनी. या गर्दीत मुलगा आणि मुलगी भेटतात ते नोट्सच्या निमित्ताने. तिला त्याच्याकडून चालू घडामोडींच्या झेरॉक्स हव्या असतात, त्याला तिच्याकडून इंग्रजी व्याकरण. वर्षभर शेजारच्या टेबलावर बसून, एकमेकांच्या पूर्वपरीक्षेच्या निकालाला हजर राहून जे नातं तयार होतं, ते कुठल्याही कॉलेजातल्या प्रेमापेक्षा भक्कम असतं. दोघांनी एकमेकांना नापास होताना पाहिलेलं असतं.

आणि तरी ते नातं एका अटीवर टांगलेलं राहतं. ‘‘पोस्ट निघाली की घरी सांगते.’’ हे वाक्य या पेठांमध्ये रोज कुणीतरी कुणालातरी म्हणतं. पोस्ट निघाली तर जातही थोडी मऊ होईल, वडिलांचा आवाज खाली येईल, गावात मान राहील, असा तो हिशेब. पण दोघांपैकी एकाचीच निघते. मुलाची निघाली तर त्याच्या घरी गाड्या येऊन थांबतात, हुंडा हा शब्द न उच्चारता आकडे सांगितले जातात, आणि वर्षानुवर्षांची अभ्यासिकेतली मैत्रीण एका फोनवर परकी होते. मुलीची निघाली तर तिच्या घरच्यांना क्लास वन जावई हवा असतो, आणि मागे राहिलेल्या मुलाला गावात तोंड दाखवायला जागा उरत नाही.

जून २०२३ मध्ये याच पेठांवर एकामागून एक दोन आघात झाले. वनक्षेत्रपालाच्या परीक्षेत यश मिळवलेल्या एका तरुणीचा मृतदेह राजगडाच्या पायथ्याशी सापडला आणि तिच्याबरोबर गडावर गेलेल्या, स्वतःही स्पर्धा परीक्षा देणाऱ्या मित्राला पोलिसांनी अटक केली. लग्नाला मिळालेला नकार हे कारण तपासात पुढे आलं. त्यानंतर थोड्याच दिवसांनी, २७ जूनला सकाळी, सदाशिव पेठेत एका तरुणाने नकार देणाऱ्या मुलीवर कोयता उगारला. ती जिवाच्या आकांताने पळत सुटली. आजूबाजूला माणसं होती. लेशपाल जवळगे आणि हर्षद पाटील ही अभ्यासाला आलेली मुलं धावली, कोयता धरला गेला, मुलगी वाचली. त्या दोघांचं कौतुक झालं ते योग्यच. पण नकार ऐकून घेता येणं ही माणसाने शिकायची गोष्ट आहे, आणि ती शिकवणारं त्या कोयतेवाल्या मुलाला आयुष्यात कुणी भेटलं नव्हतं, हेही तितकंच लक्षात राहायला हवं होतं.

त्याने कुठे शिकायचं होतं? शाळेत प्रजननसंस्थेचा धडा ‘घरी वाचा’ म्हणून ओलांडला गेला. घरी तो विषय निघत नाही. मित्र म्हणतात, ‘‘अजून काहीच नाही? दोन वर्षं झाली की!’’ कारण मित्रांचाही दाब असतोच. कमिटेड आहेस का, सीन कुठवर आला, स्टेटसला फोटो का नाही, ब्रेकअप झाला तर पार्टी कधी. हॉस्टेलच्या खोलीत कुणाचं किती पुढे गेलं, याचा हिशेब मांडला जातो आणि ज्याच्याकडे सांगण्यासारखं काही नाही, तो खोटं सांगतो. मोबाइलवर जे दिसतं त्यात संमती कुणी विचारत नाही, लाजत नाही, थांबत नाही. एकीकडे ‘काही करू नकोस’ म्हणणारं घर आणि दुसरीकडे ‘काहीतरी कर’ म्हणणारे मित्र, यांच्या मधे सापडलेल्या मुलाला ‘तिला काय वाटतं?’ हा प्रश्न सुचवणारं माणूस भेटत नाही.

असं माणूस महाराष्ट्रात होऊन गेलं. रघुनाथ धोंडो कर्वे यांनी १९२१ मध्ये मुंबईत संततिनियमनाचं केंद्र काढलं, त्या कामापायी विल्सन कॉलेजातली गणिताची प्राध्यापकी गमावली आणि जुलै १९२७ पासून ‘समाजस्वास्थ्य’ हे मासिक चालवलं, ते १९५३ मध्ये मृत्यू येईपर्यंत. त्यात वाचकांचे प्रश्न छापले जात आणि कर्वे त्यांना सरळ उत्तरं देत. हस्तमैथुन, समलिंगी आकर्षण, लग्नाआधीची धास्ती, शरीराबद्दलची शरम. ज्यांना विचारायला दुसरी जागा नव्हती, ते पोस्टकार्ड लिहीत. ती उत्तरं अश्लील ठरवून १९३४ मध्ये खटला झाला. कर्व्यांच्या बाजूने उभे राहिले बॅरिस्टर भीमराव आंबेडकर. वाचक लैंगिक विषयावर प्रश्न विचारतात तर त्यांना उत्तर मिळालं पाहिजे, त्यात अश्लील काही नाही, अशी त्यांची भूमिका होती. कर्वे खटला हरले, दंड झाला, मासिक चालूच राहिलं.

सात दशकांनी, २००७ मध्ये, शाळांमधल्या लैंगिक शिक्षणाच्या साहित्यावरून विधिमंडळात गदारोळ झाला आणि राज्य सरकारने तो कार्यक्रम थांबवला. कर्व्यांचं नाव घेणाऱ्या राज्यात हे घडलं. त्या दरम्यान मुंबईतल्या एका इंग्रजी दैनिकात डॉक्टर महिंदर वत्स ऐंशी ओलांडल्यावर वाचकांच्या अशाच पत्रांना उत्तरं देत होते. २०२० च्या डिसेंबरात शहाण्णवाव्या वर्षी ते गेले, तोवर पत्रं थांबली नव्हती. पत्रांतले प्रश्न १९३० सालचेच होते. एवढा काळ मुलं तेच विचारत आहेत, आणि मोठी माणसं तेच टाळत आहेत.

टाळल्याचा परिणाम दवाखान्यात दिसतो. पाळी चुकलेली किंवा नुसताच संसर्ग झालेली तरुणी स्त्रीरोगतज्ज्ञाकडे जाते, तेव्हा केसपेपर भरणारी बाई बाहेरच, बाकावर बसलेल्या दहा जणींसमोर विचारते, ‘‘मॅरिड की अनमॅरिड?’’ खरं सांगावं तर दहा माना वळतात आणि आत डॉक्टर म्हणतात, ‘‘आईला घेऊन ये.’’ खोटं सांगावं तर कुंकू नाही, मंगळसूत्र नाही. म्हणून पुष्कळ मुली गावातल्या दवाखान्यात जातच नाहीत. दुसऱ्या तालुक्यातल्या अनोळखी मेडिकलमधून गोळी आणतात, वर्तमानपत्राच्या कागदात गुंडाळलेली, वर काळी पिशवी. कायदा यांच्या पुष्कळ पुढे गेला आहे. २०२१ च्या दुरुस्तीने गर्भपाताच्या कायद्यात ‘पती’च्या जागी ‘जोडीदार’ आला. सप्टेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की, चोवीस आठवड्यांपर्यंतच्या गर्भपाताची जी मुभा आहे, तिच्यातून अविवाहित स्त्रीला वगळता येणार नाही. सज्ञान स्त्रीला त्यासाठी आईची, नवऱ्याची, कुणाचीच सही लागत नाही. एवढी एक ओळ जरी दवाखान्यांच्या भिंतीवर लिहिली, तरी कितीतरी जीव वाचतील.

गावात एकांत आणखी वेगळ्या जागी असतो. ‘सैराट’ चित्रपटातली पोरं विहिरीवर, शेतात, उसाच्या आडोशाने भेटतात ते नागराज मंजुळे यांनी कल्पनेने रचलेलं नाही, करमाळा तालुक्यात ते वाढले आहेत. तालुक्याच्या कॉलेजला जाणारी एसटी, स्टॅंडवरचं रसवंतीगृह, यात्रेतला पाळणा, एवढीच भेटीची ठिकाणं. आणि प्रत्येक ठिकाणी भावकीतला एक तरी डोळा. बीड जिल्ह्यात ऊसतोडीला जाणाऱ्या कुटुंबांपुढे हा प्रश्न दरवर्षी दिवाळीच्या सुमाराला उभा राहतो. नवराबायको मिळून एक कोयता, मुकादमाकडून घेतलेली उचल, पाचसहा महिने कारखान्याच्या फडावर खोपीत मुक्काम. वयात आलेली पोरगी मागे ठेवायची कुणाच्या भरवशावर? फडावर न्यायची तर पालाला दार नसतं. ‘काही झालं तर’ या धास्तीने सोळाव्या वर्षी लग्न उरकतात, आणि नवा कोयता तयार होतो. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत महाराष्ट्रातल्या वीस ते चोवीस वयाच्या स्त्रियांपैकी २१.९ टक्के जणींचं लग्न अठराच्या आत झालेलं आढळलं. त्यातली किती लग्नं गरिबीने झाली आणि किती नुसत्या भीतीने, हे वेगळं मोजता येत नाही, कारण दोन्ही एकाच घरात राहतात.

आणि सतराव्या वर्षी एखादी मुलगी आपल्या पसंतीने गेलीच, तर कायदाच वडिलांच्या हातात शस्त्र होतो. २०१२ च्या पॉक्सो कायद्याने संमतीचं वय सोळावरून अठरा झालं. लहान मुलांवरचे अत्याचार रोखणारा हा कायदा अत्यंत गरजेचा आहे. पण सतरा वर्षांची ती आणि एकोणीस वर्षांचा तो, यांच्या परस्परसंमतीला त्यात जागा नाही. तो तुरुंगात, ती सुधारगृहात किंवा ‘समजूत घालून’ परत त्याच घरात.

जात मधे आली की घरी कळणं जिवावर बेततं. नगर जिल्ह्यातल्या खर्ड्यात २८ एप्रिल २०१४ रोजी नितीन आगे या सतरा वर्षांच्या दलित मुलाला शाळेच्या आवारातून नेऊन मारहाण करून ठार मारलं गेलं. वरच्या जातीतल्या मुलीशी बोलतो, असा संशय. नोव्हेंबर २०१७ मध्ये सगळे आरोपी निर्दोष सुटले, साक्षीदार एकेक करून फिरले होते. एका पोराने एका पोरीशी बोलावं की बोलू नये, हे ज्या गावाने ठरवलं, त्याच गावाने कोर्टात काय बोलायचं नाही तेही ठरवलं.

कंजारभाट समाजातल्या तरुणांनी तर याहून उघड्या प्रथेशी दोन हात केले. लग्नाच्या पहिल्या रात्री वधूच्या कौमार्याची परीक्षा घ्यायची, पांढरी चादर पंचांपुढे धरायची आणि नवऱ्याने सर्वांदेखत निकाल सांगायचा. दोन माणसांमधली सगळ्यात खासगी घटका जातपंचायतीच्या कामकाजात नोंदवायची. २०१७ च्या अखेरीस विवेक तमायचीकर आणि त्याच्या समवयस्कांनी व्हॉट्सअॅपवर गट करून याविरुद्ध बोलायला सुरुवात केली. जानेवारी २०१८ मध्ये पिंपरीत एका लग्नात या गटातल्या तरुणांना मारहाण झाली. त्याच वर्षी विवेक आणि ऐश्वर्या यांनी ती परीक्षा नाकारून लग्न केलं. सामाजिक बहिष्काराविरुद्धचा कायदा विधिमंडळाने २०१६ मध्येच मंजूर केला होता. तो असूनही त्यांच्याशी बोलणं टाकणारी माणसं निघालीच. तरी ही मोहीम बाहेरच्या कुणा सुधारकाने चालवली नव्हती. तिशीच्या आतल्या मुलामुलींनी आपल्याच आईवडिलांसमोर, आपल्याच भाषेत ‘नाही’ म्हटलं, आणि महाराष्ट्राने गेल्या दहा वर्षांत पाहिलेल्या धाडसांत या ‘नाही’ची जागा फार वरची आहे.

ज्यांना लग्न करून मोकळं व्हायचंय त्यांच्यापुढे १९५४ चा विशेष विवाह कायदा आहे. जात, धर्म न बदलता लग्न करता यावं म्हणूनच तो आला. त्यात तीस दिवसांची नोटीस आहे. दोघांची नावं, वयं, व्यवसाय, पत्ते लिहिलेला कागद विवाह अधिकाऱ्याच्या कार्यालयात सर्वांना दिसेल असा लावायचा. हरकत घेणाऱ्याला वेळ मिळावा, हा हेतू. पण घरापासून लपून आलेल्या मुलीच्या दृष्टीने तो कागद म्हणजे हवालदाराने लावलेला फोनच. फरक एवढाच की, तो महिनाभर वाजत राहतो. कार्यालयाबाहेर अशा नोटिसांवर नजर ठेवणारी, नावावरून धर्म ओळखून घरी खबर देणारी माणसं फिरत असतात. आळंदीला किंवा एखाद्या संस्थेत जाऊन वैदिक पद्धतीने एका दिवसात लग्न होतं, म्हणून हिंदू जोडपी ती वाट धरतात. वेगळ्या धर्माच्या दोघांना ती वाट नाही. अलाहाबाद उच्च न्यायालयाने जानेवारी २०२१ मध्ये ही नोटीस जोडप्याच्या मर्जीवर सोडली. महाराष्ट्रात पावलं उलट दिशेला पडली. डिसेंबर २०२२ मध्ये राज्य सरकारने आंतरधर्मीय विवाहांची माहिती गोळा करणारी समिती नेमली. उत्तराखंडात जानेवारी २०२५ पासून लग्नाविना एकत्र राहणाऱ्यांना सरकारदरबारी नोंद करावी लागते आणि दोघांपैकी कुणी एकवीसच्या आतलं असेल, तर पालकांना कळवलं जातं. म्हणजे ‘घरी कळेल’ हे आता सरकारी कामकाजाचाच भाग झालं.

दुसरी बाजूही सांगितलीच पाहिजे. आईवडिलांची भीती खोटी नाही. ऑक्टोबर २०२४ मध्ये पुण्याजवळच्या बोपदेव घाटात रात्री मित्राबरोबर गेलेल्या एकवीस वर्षांच्या मुलीवर सामूहिक बलात्कार झाला. मित्राला बांधून ठेवलं होतं. अशी बातमी वाचल्यावर कुठल्या आईच्या पोटात गोळा येणार नाही? पण त्यानंतर चौकाचौकांत जे विचारलं गेलं, ते होतं : ‘तिथे गेलीच कशाला?’ ती तिथे गेली, कारण उजेड असलेल्या, माणसं असलेल्या, दार असलेल्या प्रत्येक ठिकाणाहून तिच्या वयाच्या मुलींना उठवलं गेलं आहे. बागेतून रखवालदाराने, रस्त्यावरून सोसायटीने, हॉटेलातून काउंटरवरच्या माणसाने, आणि घरातून घराने. अंधार त्यांनी निवडलेला नसतो. मुलीची काळजी वाटणाऱ्या आईवडिलांनी तिच्या मित्राला घरी चहाला बोलावलं, पुढच्या खोलीत बसू दिलं, तर ती काळजी निम्म्याने कमी होईल. काही घरांत हे होऊ लागलंय, आणि तिथल्या मुली संकटात पहिला फोन आईला करतात.

सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१८ मध्ये शक्ती वाहिनी खटल्यात सगळ्या राज्यांना सांगितलं की, आपल्या पसंतीने लग्न करणाऱ्यांच्या रक्षणासाठी जिल्ह्याजिल्ह्यात विशेष कक्ष असावेत आणि राहायला सुरक्षित घरांची सोय व्हावी. सरकार रेंगाळत असताना साताऱ्यात महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या कार्यकर्त्यांनी अशा जोडप्यांसाठी निवारा केंद्र उभं केलं. या कामातले कार्यकर्ते घर सोडू पाहणाऱ्या मुलीला सगळ्यात आधी कागदपत्रांबद्दल सांगतात : शाळा सोडल्याचा दाखला, आधार कार्ड, दहावीची सनद. दागिना एकही घ्यायचा नाही, नाहीतर चोरीची तक्रार होते. दाखला वडिलांच्या कपाटात असेल तर त्याची दुसरी प्रत शाळेतून आधीच काढून ठेवायची, कारण पोलीस ठाण्यात उभं राहिल्यावर आपण अठरा पूर्ण आहोत, हे दाखवणारा कागद नसेल तर बाकी काहीही कामाचं नाही.

आणि कागद असला तरी ठाण्यात वडील, चुलते, गावचे पुढारी समोर बसलेले असतात. तिचा जबाब त्यांच्यादेखत घेतला जातो. हे उद्यापासून बदलता येईल, त्यासाठी नवा कायदा लागत नाही. नातेवाइकांना बाहेर बसवावं, महिला अधिकाऱ्याने तिच्याशी एकटीशी बोलावं, तिला कुठे जायचंय ते तिला विचारावं, आणि ती सांगेल त्या ठिकाणी पोलिसांच्याच गाडीने तिला नेऊन सोडावं.